उरलेल्या तुकड्यांचा राखणदार

मराठीत वर्तमानपत्राला संपादक असतो आणि चित्रपटाला संकलक. ब्रिटिश टेलिव्हिजनवर या दोघांनाही एकच नाव आहे: एडिटर. बातम्यांच्या कार्यक्रमाचा प्रमुख असतो तो एडिटर. कोणता माहितीपट करायचा आणि कोणता नाही हे ठरवणारा चॅनेल फोरचा अधिकारी, तो कमिशनिंग एडिटर. आणि बंद खोलीत बसून चित्राचे व आवाजाचे तुकडे जोडणारा, तोही एडिटरच. या लेखात आपण या तिसऱ्याच्या मागोमाग जाणार आहोत. तो त्या खोलीत शिरतो कसा, तिथे शिकतो काय, वर चढतो कसा आणि त्याच्या हातून नेमकं काय घडतं, ते एकेक करून पाहू.

त्याच्या खोलीला तिथे कटिंग रूम म्हणतात, म्हणजे कापण्याची खोली. आपला शब्द संकलन, म्हणजे वेचून एकत्र आणणं. दोन्ही शब्द एकाच कामाचे आहेत, पण ते कामाची दोन टोकं दाखवतात. नव्या उमेदवाराची सुरुवात कापून बाजूला काढलेले तुकडे सांभाळण्यापासून होते. त्यातून काय वेचायचं हे ठरवण्याचा अधिकार त्याला बऱ्याच वर्षांनी मिळतो. मधली वर्षं कशात जातात हे कळलं, की हा पेशा कळतो.

दाराशी

१९६० च्या दशकात ब्रिटनमध्ये टेलिव्हिजन झपाट्यानं वाढत होतं. १९५५ मध्ये आयटीव्हीचं व्यापारी प्रसारण सुरू झालं होतं, एप्रिल १९६४ मध्ये बीबीसीची दुसरी वाहिनी सुरू झाली. पश्चिम लंडनमधला ईलिंगचा प्रसिद्ध स्टुडिओ बीबीसीनं १९५५ मध्येच विकत घेतला होता आणि तिथे आपला फिल्म विभाग थाटला होता. माहितीपट, वृत्तविशेष आणि नाटकांमधली बाहेरची दृश्यं तेव्हा १६ मिलिमीटरच्या फिल्मवर टिपली जात. ही सगळी फिल्म कापायला माणसं हवी होती, म्हणून तरुणांची भरती होत होती.

बीबीसीत शिरलं की पगारी नोकरी आणि पायरीपायरीनं बढती असे. आयटीव्हीच्या कंपन्यांत आणि चित्रपटव्यवसायात मात्र तंत्रज्ञांच्या एसीटीटी या संघटनेचं कार्ड लागे. कार्डाशिवाय काम मिळत नसे आणि कामाशिवाय कार्ड मिळत नसे. या पेचातून वाट काढण्यात अनेकांची उमेदीची वर्षं गेली. कोणी प्रयोगशाळेत फिल्मचे डबे वाहण्याचं काम धरलं, तर कोणी छोट्या कंपनीत निरोप्या म्हणून लागलं. एकदा आत पाय ठेवला, की पुढच्या पायऱ्या ठरलेल्या असत: दुसरा सहायक, पहिला सहायक, मग संकलक.

सहायकाचा दिवस

दुसऱ्या सहायकाच्या टेबलावर सकाळी काय येऊन पडायचं ते पाहू. १६ मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात ४० चित्रं असतात. ब्रिटिश टेलिव्हिजनचा वेग सेकंदाला २५ चित्रांचा. म्हणजे एक फूट फिल्म १.६ सेकंदांत संपते आणि ४०० फुटांचा एक रोल १० मिनिटं ४० सेकंद चालतो. समजा, ५० मिनिटांच्या माहितीपटासाठी असे ६० रोल भरले. ते सलग पाहायचे तर १० तास ४० मिनिटं लागतील. पडद्यावर त्यातल्या सुमारे तेराव्या हिश्श्यालाच जागा आहे.

या चित्राला आवाज नसे. आवाज पाव इंची टेपवर वेगळा टिपलेला असे आणि नंतर तो फिल्मच्याच मापाच्या, दात्यांची भोकं असलेल्या चुंबकीय पट्टीवर उतरवला जाई. चित्रीकरणाच्या सुरुवातीला क्लॅपरची पाटी आपटतात ती याच क्षणासाठी. चित्रात फळी मिटलेली दिसते ते नेमकं चित्र शोधायचं, पट्टीवर 'टक' ऐकू येतो तो नेमका बिंदू शोधायचा आणि दोन्हींची सांगड घालायची. ६० रोलांत अशा शेकडो सांगडी. एका चित्राची चूक झाली, तर ओठ आणि शब्द यांच्यात डोळ्याला खटकणारी फट राहते.

सांगड जमली, की चित्राच्या आणि आवाजाच्या पट्टीवर फूटभर अंतरानं एकसारखे क्रमांक छापले जात. मग प्रत्येक रोलची नोंद वहीत होई: कोणत्या क्रमांकापासून कोणत्या क्रमांकापर्यंत काय आहे, कोण बोलतंय, कुठे कॅमेरा हलला. संकलकानं कापायला सुरुवात केल्यावर या नोंदींची खरी किंमत कळायची. दोन मिनिटांच्या तुकड्यातून वीस सेकंद उचलले, की पुढचा आणि मागचा भाग उरतो. या उरलेल्या पट्ट्यांना ट्रिम म्हणतात. कापडी पिशवी लावलेल्या चौकटीवर खिळ्यांची रांग असे. त्या खिळ्यांवर या पट्ट्या कपड्यांसारख्या लोंबत ठेवल्या जात. ती चौकट म्हणजे बिन. दिवसअखेर सहायक त्या उतरवी, गुंडाळी, क्रमांकानिशी डब्यात ठेवी.

आणि मग, पंधरा दिवसांनी, संकलक मान न वळवता म्हणे, ''ती बाई खिडकीकडे बघते ना, त्याच्या आधीची आठ चित्रं दे.'' एका सेकंदाच्या तिसऱ्या हिश्श्याहून लहान, तीन इंचांहूनही आखूड असा तो तुकडा सहायकाला मिनिटभरात काढून द्यावा लागे.

हे काम पाहणाऱ्याला कारकुनी वाटेल. पण त्यातून एक गोष्ट अंगी मुरत असे. चित्रपटात न आलेलं सगळं सहायकाच्या डोक्यात असे. आठ चित्रांचा तुकडा हातात देताना तो का मागितला हे त्याला कळत नसे. तो कुठे चिकटवला ते पाहिल्यावर कळे. खोली एक, यंत्र एक, दोघं शेजारी. स्टीनबेक या जर्मन बनावटीच्या टेबलावर चित्राची आणि आवाजाची चक्रं आडवी फिरत आणि छोट्या पडद्यावर दृश्य दिसे. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या जुन्या संकलकांच्या हातांना हे टेबल चांगलं ओळखीचं आहे. संकलक दिग्दर्शकाशी वाद घाली, एक जोड सोडवी, तीन चित्रं वाढवी, पुन्हा चालवून बघे. मागे उभा असलेला सहायक हे सगळं ऐके आणि पाही. यासाठी कोणता तास किंवा कोणता वर्ग नव्हता. शिक्षण यातच होतं.

संकलकाचा क्रम

काही वर्षांनी सहायक खुर्चीत बसे. त्याच्यासमोर कामाचा क्रम ठरलेला असे, आणि तो आजही बदललेला नाही.

आधी सगळे रशेस, म्हणजे कच्चं चित्रीकरण, पूर्ण पाहायचं. पहिल्यांदा पाहताना जे वाटलं ते टिपून ठेवायचं, कारण प्रेक्षक ते एकदाच पाहणार असतो आणि संकलकाला पहिल्यांदा पाहण्याची संधी पुन्हा मिळत नाही. मग वापरण्याजोगे सगळे प्रसंग ढोबळ क्रमानं लावायचे. ही पहिली मांडणी तयार लांबीच्या दुप्पट-तिप्पट असू शकते. त्यानंतर रफ कट: कथा कुठून सुरू होते, कोणाच्या मागे जाते, कुठे थांबते हे इथे ठरतं. मग फाइन कट: प्रत्येक जोडाची जागा चित्राचित्रानं पक्की होते. शेवटी चित्राला कुलूप लागतं. त्यापुढे लांबी बदलायची नाही, कारण आता आवाजाचं मिक्सिंग आणि रंगांची दुरुस्ती याच मापावर होणार. फिल्मच्या काळात याच टप्प्यावर मूळ निगेटिव्ह कापली जाई आणि ती एकदा कापली की माघार नसे.

या क्रमात नवख्याला सर्वांत उशिरा उमगते ती गोष्ट म्हणजे चित्र आणि आवाज एकाच जागी कापायचे नसतात. पुढच्या माणसाचा आवाज आधी ऐकू येऊ द्यावा आणि चेहरा क्षणभरानं दाखवावा. आपणही घरात असंच करतो. कोणी बोललं की मग मान वळवतो. जोड त्या वळण्याच्या ठिकाणी बसला, तर तो दिसत नाही.

जेवणाच्या टेबलावरचा पेच

इथवर कसब झालं. आता अवघड भाग, आणि तो समजायला डाय व्हॉन या संकलकाचं उदाहरण घेऊ. १९३३ मध्ये जन्मलेल्या आणि २०१२ मध्ये वारलेल्या व्हॉननं आयुष्यभर मुख्यतः टेलिव्हिजनचे माहितीपट कापले. १९७२ मध्ये बीबीसीवर आलेली 'द स्पेस बिटवीन वर्ड्स' ही रॉजर ग्रेफची मालिका त्यांपैकी एक. कुटुंब, शाळा, कामाची जागा, राजकारण आणि राजनय अशा पाच ठिकाणी माणसं एकमेकांशी कशी बोलतात आणि कुठे चुकतात, हा तिचा विषय. ग्रेफनं नियम कडक ठेवले होते: मुलाखती नाहीत, प्रसंग घडवून आणणं नाही, माणसांना काही करायला सांगणं नाही. चार्ल्स स्ट्युअर्टचा कॅमेरा एका जागी दीर्घकाळ थांबे आणि जे होईल ते टिपे.

असं चित्रीकरण कापायला बसलं की काय होतं, हे एका कल्पित प्रसंगावर पाहू. कुटुंब जेवायला बसलं आहे. वडील नऊ मिनिटं बोलतात. माहितीपटात दोन मिनिटांची जागा आहे. मधली सात मिनिटं काढली, तर जोडाच्या जागी वडिलांची मान उडी मारते आणि हातातला चमचा अचानक ताटात दिसतो. ही उडी झाकायची नेहमीची युक्ती म्हणजे मध्येच मुलीचा चेहरा दाखवणं. ती ऐकते आहे, तिनं नजर खाली वळवली, वडिलांचा आवाज चालू आहे, परत वडील. उडी नाहीशी झाली.

पण कॅमेरा एकच होता. वडील बोलत असताना तो वडिलांवर होता. मुलीचा हा चेहरा चार मिनिटांनंतरचा आहे आणि तेव्हा आई शाळेच्या बसबद्दल बोलत होती. पडद्यावर मात्र मुलगी बापाच्या शब्दांनी दुखावलेली दिसते. प्रेक्षकाला याचा पत्ता लागण्याचा कोणताही मार्ग नाही. पट्टीवरचा क्रमांक जाणणारा संकलक आणि त्याचा सहायक, या दोघांनाच ते माहीत आहे.

हे खोटं आहे का? प्रामाणिक संकलक इथे स्वतःला प्रश्न विचारतो. ही मुलगी वडिलांसमोर अशी वागते हे सगळे रोल पाहून मला ठाऊक आहे का? असेल, तर तो चेहरा उसना असला तरी अर्थ उसना नाही. हा चेहरा लावल्यानं दोष कोणाच्या तरी माथी जातो का, जो एरवी गेला नसता? जात असेल, तर तो तुकडा परत खिळ्यावर लटकवायचा. आणि तिसरा प्रश्न: झाकलंच पाहिजे का? कॅमेरा वडिलांवरून आईकडे सरकला तो संथ प्रवास तसाच ठेवता येईल, किंवा प्रसंग अर्ध्यावर सोडून देता येईल. प्रसंग जितका अखंड ठेवावा तितकी प्रेक्षकाला स्वतः पाहण्याची मोकळीक मिळते. पण तितकी इतर प्रसंगांची जागाही जाते. प्रत्येक निवडीची किंमत दुसऱ्या कुठल्या तरी तुकड्यानं मोजावी लागते.

व्हॉननं या पेचांवर विचार करणं सोडलं नाही. १९७४ मध्ये त्यानं एक निबंध लिहिला, 'द स्पेस बिटवीन शॉट्स'. मालिकेच्या नावात दोन शब्दांमधली जागा होती, निबंधाच्या नावात दोन शॉटांमधली. संकलक नेमका त्या जागेत काम करतो. १९९९ मध्ये त्याचे बारा निबंध 'फॉर डॉक्युमेंटरी' या पुस्तकात एकत्र आले. टेबलावर बसणाऱ्या माणसानं आपल्या कामाच्या नीतीबद्दल इतकं सविस्तर लिहून ठेवल्याची उदाहरणं फार थोडी आहेत.

ब्लेड आणि संगणक

स्टुडिओतल्या कार्यक्रमांची वाट वेगळी होती. अमेरिकेत १९५६ मध्ये अँपेक्स कंपनीचं व्हिडिओ टेप यंत्र आलं आणि लवकरच ब्रिटनमध्ये पोचलं. त्या दोन इंच रुंद टेपवर चित्र डोळ्यांना दिसत नसे. कापायचं तर चुंबकीय खुणा उमटवणारं लोहकणांचं द्रावण लावायचं, सूक्ष्मदर्शकातून खूण शोधायची आणि ब्लेडनं कापायचं. टेप महाग होती आणि कापली की पुनर्वापराला निकामी होई, म्हणून शक्य तितकं सलग चित्रित करण्याकडे कल असे. पुढे एका टेपवरून दुसरीवर नक्कल करत जोडण्याची पद्धत आली. पण त्यात मधला एक तुकडा लांबवायचा तर त्यापुढचं सगळं पुन्हा उतरवावं लागे.

१९८९ च्या सुमारास अमेरिकेत अ‍ॅव्हिड आणि लंडनमध्ये लाइटवर्क्स या संगणकीय प्रणाली पुढे आल्या. लाइटवर्क्सच्या निर्मात्यांनी स्टीनबेकसारखाच हाताळायचा दांडा दिला, म्हणजे जुन्या संकलकांच्या मनगटांना नवं काही शिकावं लागू नये. संगणकावर काहीच कापलं जात नाही. सगळे रशेस जागच्या जागी राहतात. कुठून कुठे दाखवायचं याची यादी तेवढी बदलते. एका प्रसंगाचे पाच पर्याय करून तुलना करता येते. १९९० च्या दशकात ब्रिटिश टेलिव्हिजनचं बहुतेक काम अशा यंत्रांवर गेलं. यात फायदा मोठा होता आणि त्याबद्दल हळहळण्याचं कारण नाही.

पण यंत्रासोबत खोलीची मांडणी बदलली. गुंडाळायला ट्रिम उरल्या नाहीत, तसं संकलकाच्या मागे उभं राहायला सहायकाला कारण उरलं नाही. त्याचं काम आता रशेस संगणकात भरणं, नावं देणं, जुळवणं, प्रती ठेवणं. हे पुष्कळदा वेगळ्या खोलीत किंवा रात्रपाळीत होतं. आठ चित्रं वाढवल्यावर प्रसंग कसा बदलला, हे घडत असताना तो तिथे नसतो.

त्याच काळात नोकरीची चौकटही सैल झाली. नोव्हेंबर १९८२ मध्ये सुरू झालेल्या चॅनेल फोरनं स्वतः कार्यक्रम न करता ते बाहेरच्या कंपन्यांकडून करून घेण्याची पद्धत रुजवली. १९९० च्या प्रसारण कायद्यानं बीबीसी आणि आयटीव्हीला २५ टक्के कार्यक्रम स्वतंत्र निर्मात्यांकडून घेणं बंधनकारक केलं. बीबीसीचा ईलिंगमधला मुक्काम १९९० च्या दशकात संपला. संकलक बहुतांशी स्वतंत्र व्यावसायिक झाले: आज इथे सहा आठवडे, मग तिथे दहा. काम मिळतं ते मागच्या दिग्दर्शकानं पुढच्याला नाव सुचवल्यावर.

आजची वाट

आज सुरुवात करणारा तरुण बहुधा बीकन्सफील्डच्या राष्ट्रीय चित्रपट व टेलिव्हिजन विद्यालयातून किंवा एखाद्या विद्यापीठातून येतो, किंवा पोस्ट-प्रॉडक्शन कंपनीत चहा-निरोपाच्या कामापासून चढतो. मग संकलन सहायक, मग प्रसंगांची पहिली मांडणी करणारा असेंब्ली एडिटर, मग छोट्या कार्यक्रमांचा संकलक. इथून वाटा फुटतात. नाट्यमालिकांची एक, माहितीपटांची दुसरी, मनोरंजनाच्या कार्यक्रमांची तिसरी. एकीकडून दुसरीकडे जाणं सोपं नसतं, कारण पुढचं काम देणारा मागचं काम पाहतो. माहितीपटांच्या कार्यक्रमांत आता अनेकदा दिग्दर्शक चित्रीकरणानंतर निघून जातो आणि त्याच्या जागी एडिट प्रोड्यूसर बसतो.

चित्रीकरणाचा पसाराही वाढला आहे. २०११ मध्ये चॅनेल फोरवर आलेल्या '२४ अवर्स इन ए अँड ई' या मालिकेसाठी लंडनच्या किंग्ज कॉलेज रुग्णालयाच्या आपत्कालीन विभागात ७० कॅमेरे बसवून २८ दिवस रात्रंदिवस चित्रीकरण झालं. अशा मालिकांत प्रत्येक कॅमेऱ्याचं सगळं चित्र साठवत नाहीत. कोणत्या कॅमेऱ्यांचं ठेवायचं हे नियंत्रण कक्षातली माणसं त्या क्षणी ठरवतात. म्हणजे पहिली काटछाट संकलकाच्या आधीच होते. तरीही उरतं ते एकट्या माणसाला पूर्ण पाहता न येण्याइतकं. मुलीचा तो चेहरा आता दुसऱ्या कॅमेऱ्यानं त्याच क्षणी टिपलेला असू शकतो. पेच संपला असं वाटेल, पण ७० डोळ्यांतून कोणता खरा, हा प्रश्न आधीच्याहून मोठा आहे.

रफ कट झाला की वाहिनीचा कमिशनिंग एडिटर पाहायला येतो. एका खोलीत दोन एडिटर: एक संपादक, एक संकलक. संपादक म्हणतो, सुरुवात संथ आहे. तो रडतो ते आधी आणा. त्याचं मत प्रेक्षकाच्या बाजूनं असतं आणि पुष्कळदा बरोबर असतं. पण रडण्याच्या आधी काय झालं होतं आणि ते काढलं तर त्या माणसाबद्दल काय समजूत होईल, हे सांगू शकणारा त्या खोलीत संकलकच असतो. तिथे बोलायचं धैर्य आणि बोलण्याचा हक्क, दोन्ही त्याला रशेस पाहिल्यानं मिळतात.

न दिसणारा माणूस

१९८३ मध्ये व्हॉननं एका संकलकावर पुस्तक लिहिलं. स्ट्युअर्ट मॅकॅलिस्टर हा स्कॉटलंडच्या विशॉ गावचा, ग्लासगोच्या कलाशाळेत शिकलेला. युद्धकाळात सरकारी चित्रपट विभागात त्यानं हंफ्री जेनिंग्जबरोबर १९४२ चा 'लिसन टू ब्रिटन' केला. वीसेक मिनिटांच्या या चित्रपटात सुरुवातीच्या प्रास्ताविकानंतर निवेदन नाही. कारखान्याच्या कँटीनमधलं गाणं आणि नॅशनल गॅलरीतली मोझार्टची मैफल, आवाजाच्या धाग्यानं देश जोडला जातो. श्रेयनामावलीत दिग्दर्शन आणि संकलन या दोन्हींसाठी दोघांची नावं एकत्र आहेत, तरी पुढच्या काळात कीर्ती बहुतेक जेनिंग्जच्या वाट्याला गेली. मॅकॅलिस्टर १९६२ मध्ये वारला. वीस वर्षांनी व्हॉन त्याच्या कामाचा माग काढायला निघाला आणि पुस्तकाला नाव दिलं 'न दिसणाऱ्या माणसाचं चित्र' या अर्थाचं. अडचण उघड होती. संकलकानं काय ठेवलं ते पडद्यावर दिसतं; काय नाकारलं ते दिसत नाही, आणि त्याचं निम्मं काम तर त्या नकारांत असतं.

आज संगणकावर रशेस ज्या कप्प्यात ठेवतात त्याचं नाव अजूनही बिनच आहे. खिळे गेले, कापडी पिशवी गेली, शब्द राहिला. त्या शब्दाबरोबर शिकवणही राहावी असं वाटत असेल, तर सहायकाला जाणीवपूर्वक पुन्हा त्या खोलीत, संकलकाच्या मागच्या खुर्चीवर बसवावं लागेल. पूर्वी ते यंत्राच्या गरजेनं आपोआप होत असे, आता माणसांनी ठरवून करावं लागेल. पुढच्या वेळी एखाद्या माहितीपटात कोणी बोलत असताना ऐकणाऱ्याचा चेहरा दिसला, तर मनात विचारून पाहा: हा चेहरा नेमका कधीचा? आपल्याला उत्तर मिळणार नाही. त्या खोलीतल्या निदान एका माणसाला मात्र ते ठाऊक असायला हवं.